बान्त्सुमाला विसरून सामुराईपटाचा इतिहास सांगू नका

‘जपानी सामुराईपट, म्हणजे तलवारबाज योद्ध्यांचा चित्रपट, खऱ्या अर्थाने दिग्दर्शक कुरोसावा आणि नट मिफुने यांनी सुरू केला. त्याआधी कॅमेऱ्यासमोर नुसतं काबुकी चालायचं आणि बोलपट आल्यावर ते जुने नट संपले.’ हे विधान इतक्या जणांनी पुढे पाठवलंय की उत्तर द्यायलाच हवं.

काबुकी म्हणजे ठरीव पवित्र्यांचं जुनं जपानी नाटक, आणि हा मुद्दा अगदीच खोटा नाही. ओनोए मात्सुनोसुके हा जपानचा पहिला मोठा पडद्यावरचा नट. त्याच्या पटांत कॅमेरा बहुधा जागचा हलत नसे, बायकांची कामं पुरुष करत. पण त्याच्या हयातीतच, १९२५ साली, ‘ओरोची’ हा मूकपट आला. नायक बांदो त्सुमासाबुरो, म्हणजे लोकांचा लाडका बान्त्सुमा. शेवटची लढाई बघा. शिपाई दोर घेऊन चहूबाजूंनी चाल करून येतात, बान्त्सुमाचे केस सुटलेत, तो धापा टाकतोय, वार करतोय, पुन्हा वेढला जातोय. कॅमेरा त्याच्यामागे धावतो. आणि हा नायक जिंकत नाही, पकडला जातो. जग ज्याला बदमाश म्हणतं तो खरंच वाईट असतो का, असं विचारणारा हा पट. त्याचं मूळ नावच ‘बदमाश’ अशा अर्थाचं होतं. सेन्सॉरने ते बदलायला लावलं, वर कात्री चालवली ती वेगळीच. यात ठरीव पवित्रे कुठे दिसले?

त्याच वर्षी त्याने स्वतःची निर्मितीसंस्था काढली. क्योतोच्या उझुमासात पहिला स्टुडिओ उभारला तो त्यानेच.

आता बोलपट. बान्त्सुमाचा आवाज बारीक होता, प्रेक्षक हिरमुसले, १९३६ मध्ये संस्था बंद पडली, हे सगळं खरं. पण तिथे तो संपला नाही. १९४३ च्या ‘मुहोमात्सु’ या पटात तो कोकुरा गावचा रिक्षा ओढणारा अडाणी मात्सुगोरो झाला. हातात तलवार नाही, आणि तरी माझ्या मते त्याचं हेच सर्वांत मोठं काम. हमालासारख्या माणसाने लष्करी अधिकाऱ्याच्या विधवेवर प्रेम करावं, हे युद्धकाळातल्या सेन्सॉरला सोसलं नाही. प्रेमाची कबुली कापली गेली. युद्धानंतर अमेरिकी सेन्सॉरने आणखी प्रसंग कापले.

त्याच दिग्दर्शकाने, इनागाकीने, १९५८ मध्ये हाच पट पुन्हा काढला आणि त्याला व्हेनिस चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, सुवर्णसिंह, मिळाला. मात्सुगोरो झाला होता तोशिरो मिफुने. ते बघायला बान्त्सुमा नव्हता. १९५३ च्या जुलैत, अवघ्या ५१ व्या वर्षी, तो गेला होता.