बर्गमनला सोडलं म्हणून वाया गेली?

तुमचा राग पोचला. स्वीडिश अभिनेत्री-दिग्दर्शिका माय सेटर्लिंगवरचा माझा लेख तुम्हाला पाल्हाळिक वाटला, इथवर ठीक. पण इंगमार बर्गमनने (तोच, स्वीडनचा नावाजलेला दिग्दर्शक) तिला घडवलं, इंग्लंडच्या नादी लागून तिने करिअरची माती केली आणि कामं मिळेनात म्हणून दिग्दर्शनाचा उद्योग मांडला, हे तुमचं म्हणणं मला मान्य नाही.

ज्या 'हेट्स'मुळे (१९४४) ती नावारूपाला आली, तो आल्फ श्योबेरीचा सिनेमा. बर्गमन त्याचा तरुण पटकथालेखक. तंबाखूच्या दुकानात काम करणारी, विकृत लॅटिन मास्तरच्या धाकाखाली पिचलेली बर्था तिने एकोणिसाव्या वर्षी उभी केली. पुढे बर्गमनच्या दिग्दर्शनाखाली तिने सिनेमा केला तो एकच, १९४८चा.

इंग्लंडबद्दल मात्र तुमचं निम्मं बरोबर आहे. 'फ्रीडा'त (१९४७) ब्रिटिश वैमानिकाची जर्मन बायको म्हणून तिला खरी भूमिका मिळाली. त्यानंतर बहुतेकदा तीच ती देखणी परदेशी बाई. पण कामं आटली होती म्हणावं तर १९६२मध्ये ती ब्रिटिश विनोदी नट पीटर सेलर्सची नायिका होती! आणि दुसऱ्याच वर्षी, खेळण्यातल्या बंदुकीवरून झोंबणाऱ्या दोन पोरांवरच्या तिने दिग्दर्शित केलेल्या लघुपटाला व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात बक्षीस मिळालं. याला उद्योग म्हणायचं असेल तर म्हणा.

खरी गंमत पुढे आहे. १९६६मध्ये व्हेनिसला तिचा वादग्रस्त सिनेमा 'नात्लेक' फक्त परीक्षकांना आणि पत्रकारांना दाखवला गेला, सामान्य प्रेक्षकांना दारं बंद. तो सॅन फ्रान्सिस्कोच्या महोत्सवात घेतला म्हणून शर्ली टेंपलने (होय, तीच कुरळ्या केसांची बालतारका) तिथल्या मंडळाचा राजीनामा दिला.

मग आला सेटर्लिंगचा 'फ्लिकोर्ना' (१९६८). तीन नट्या 'लिसिस्ट्राटा' घेऊन स्वीडनभर दौऱ्यावर निघतात. पुरुषांनी युद्ध थांबवावं म्हणून बायका असहकार पुकारतात, ते ॲरिस्टोफेनिसचं नाटक. एका प्रयोगानंतर बिबी अँडरसन प्रेक्षकांना थांबवते, तुम्हाला काय वाटलं ते बोलूया म्हणते. समोरचे लोक ढिम्म. अवघडून बघत राहतात. या एका प्रसंगासाठी मी सेटर्लिंगचे सगळे ब्रिटिश सिनेमे ओवाळून टाकीन. बिबीबरोबर हॅरिएट अँडरसन आणि गुनेल लिंडब्लूम. तिघीही बर्गमनच्या घरच्या म्हणाव्यात अशा, आणि इथे त्यांना एका बाईने चालवलंय.

स्वीडिश समीक्षकांनी या सिनेमाला झोडपलं. तिथे तिचा पुढचा मोठा सिनेमा आला तो थेट १९८६मध्ये, 'अमोरोसा'. मधल्या काळात तिने म्युनिक ऑलिंपिकच्या माहितीपटात वजन उचलणाऱ्यांवरचा भाग केला, तोही खेळात रस नसताना. तिला त्या माणसांचं झपाटलेपण टिपायचं होतं. तेव्हा करिअर कुणी रोखलं, हा प्रश्न विचारायचाच असेल तर तो तिला विचारू नका.

'फ्लिकोर्ना'चा उल्लेख तुमच्या प्रतिक्रियेत कुठेच नाही. पाहिला नसेल तर आधी पाहा, मग खुशाल भांडू.