‘सुटला’ म्हणण्याआधी

आज दुपारी एका घरगुती कार्यक्रमात माझ्या मामेभावाचा विषय निघाला आणि एक वडीलधारे नातेवाईक सहज म्हणाले, “सुटला ना तो? नशीबवान आहे.” घरी आल्यापासून तो शब्द डोक्यातून जात नाही. ज्याच्यावरचा आरोप न्यायालयात टिकला नाही, तो ‘सुटला’ कसा? सुटतो तो तावडीतून. निर्दोष माणसाबद्दल बोलतानाही आपण तेच क्रियापद वापरतो आणि त्यात काही वावगे आहे, असे कोणाला वाटत नाही.

माझा भाऊ एका गोदामावर रखवालदार होता. तिथे चोरी झाली, संशय त्याच्यावर आला आणि अटक झाली. दीड महिन्याने जामीन मंजूर झाला. जामीन मंजूर झाला म्हणजे माणूस घरी आला, अशी तुमच्यासारखीच माझीही समजूत होती. प्रत्यक्षात आदेशात ऐपतदार जामीनदाराची, म्हणजे मालमत्ता असलेल्या हमीदाराची, अट होती आणि तो मिळेपर्यंत भाऊ आणखी ४१ दिवस आत राहिला. मुलाखतीच्या दिवशी जाळीपलीकडून त्याने मला विचारले, “जामीन झालाय ना? मग मी अजून इथे का आहे?”

कारण एकच होते: आम्ही गरीब होतो. माझी नोकरी नवी होती, माझ्या नावावर घर नव्हते की जमीन नव्हती. ज्यांच्याकडे सातबारा होता, त्यांच्याकडे मी गेलो. कोणाच्या मुलीचे लग्न ठरत होते, कोणाला कोर्टाची पायरी चढायची नव्हती, आणि एकाने तर दारातूनच परत पाठवले.

हे सगळे चुकीचे आहे, हे न्यायव्यवस्थेला ठाऊक नाही असे मुळीच नाही. १९७८ साली मोती राम या गवंड्याच्या प्रकरणात दहा हजार रुपयांचा जामीनदार मागितला गेला होता आणि त्या गवंड्याचा भाऊ जामीन राहायला तयार असताना, त्याची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात आहे म्हणून त्याला नाकारले होते. सर्वोच्च न्यायालयाने त्यावर कठोर शब्दांत नापसंती व्यक्त करून त्या गवंड्याला एक हजाराच्या जातमुचलक्यावर, म्हणजे स्वतःच्याच लेखी हमीवर, सोडायला सांगितले. ३१ जानेवारी २०२३ रोजी त्याच न्यायालयाला पुन्हा निर्देश द्यावे लागले, की जामीन होऊनही सात दिवसांत बंदी बाहेर आला नाही तर तुरुंग अधीक्षकांनी गरिबांना मोफत कायदेशीर मदत देणाऱ्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाला कळवावे आणि महिना उलटला तर न्यायालयाने अटी शिथिल करण्याचा स्वतःहून विचार करावा. आमची गोष्ट त्याआधीची आहे. पण एकच बाब ४५ वर्षांनी पुन्हा सांगावी लागते, याचा मला संताप येतो. गवंड्याला दिलेला न्याय रखवालदारापर्यंत का पोहोचला नाही?

आपल्या तुरुंगांतल्या दर चार बंद्यांपैकी सुमारे तीन जण कच्चे कैदी आहेत. त्यांचा गुन्हा सिद्ध झालेला नाही, तरी मतदानाच्या दिवशी त्यांना मत देता येत नाही. १९५१ च्या लोकप्रतिनिधित्व कायद्याचे कलम ६२(५) तसे सांगते. तुरुंगातून निवडणूक लढवता येते, मत मात्र देता येत नाही! तोच आरोप असलेला आणि जामीनदार मिळालेला माणूस बाहेर रांगेत उभा राहून मत देतो. या दोघांत फरक फक्त सातबाऱ्याचा आहे, आणि एवढ्यावरून नागरिकत्वाची किंमत ठरावी, हे मला कोणीही पटवून देऊ शकणार नाही.

काही आरोपी फरार होतात, साक्षीदारांना धमकावतात, हे मान्य. त्यांना कोठडीत ठेवायचे असेल तर न्यायाधीशांनी कारणे देऊन जरूर ठेवावे. माझ्या भावाला बाहेर सोडण्यात धोका नाही, असे न्यायाधीशांनीच लिहून दिले होते. त्यानंतरचे ४१ दिवस कोणत्या गुन्ह्याचे होते? पुढे तीन वर्षांनी तो निर्दोष ठरला, तेव्हा त्या दिवसांचा हिशेब कोणी मांडला नाही. त्याला पुन्हा कोणी रखवालदाराची नोकरीही दिली नाही.

लिहिता लिहिता राग थोडा ओसरला आहे, म्हणून हेही सांगतो. आज ‘सुटला’ म्हणणारे आणि तेव्हा दारातून परत पाठवणारे गृहस्थ एकच आहेत. ते दुष्ट नाहीत. पोलीस उद्या आपल्याही दारात येतील, या भीतीने त्यांनी दार लावले असणार. मीसुद्धा अटकेनंतर पहिल्यांदा भेटायला गेलो तो अठराव्या दिवशी. त्या अठरा दिवसांत मला कामे होती, असे मी सगळ्यांना सांगत असे. खरे कारण त्यांच्यासारखेच होते.

शेवटी जामीन राहिला तो गोदामावरचाच दुसरा रखवालदार. आयुष्यभराच्या बचतीची मुदत ठेवीची पावती घेऊन तो स्वतःहून न्यायालयात आला आणि “तो चोर नाही, मी रात्री त्याच्यासोबत जागतो,” एवढेच आम्हाला म्हणाला. आज कार्यक्रमातून परतल्यावर मी त्याला फोन केला. दुपारी काय बोलणे झाले ते सांगण्याचा धीर मला झाला नाही. त्याने आधी भावाचीच चौकशी केली.