डोक्याला देवळाली

दुपारी दीड ते रात्री साडेदहा इंग्रजांच्या शिव्या खाणं हा माझा पोटापाण्याचा उद्योग आहे. शिव्या त्यांच्या पद्धतीच्या, म्हणजे 'सॉरी टु बॉदर यू'पासून सुरू होणाऱ्या. वायफायचा डबा इंग्लंडात, डब्यावरचा लाल दिवा इंग्लंडात, तो बघून तापलेलं गिऱ्हाईक इंग्लंडात, आणि त्याची समजूत घालायला मी नाशिकला, द्वारका सर्कलच्या अलीकडे, तिसऱ्या मजल्यावर कानाला हेडफोन लावून बसलेली.

नोकरीला लागल्यावर आम्हाला ट्रेनिंग दिलं. ब्रिटिश इंग्रजी शिकवायला एक सर आले होते. गिऱ्हाईक 'नॉट बॅड' म्हणालं तर ते खूश आहे. 'क्वाइट गुड' म्हणालं तर फारसं खूश नाही. 'विथ ऑल ड्यू रिस्पेक्ट' म्हणालं की रिस्पेक्ट संपला, आता हेडफोन कानापासून जरा लांब धरा. हे सगळं आम्ही वहीत उतरवून घेतलं. ज्या शब्दाने पुढे माझा छळ मांडला तो मात्र सरांनी सांगितलाच नाही. सर अमेरिकन गिऱ्हाइकांच्या कॉल सेंटरमधून आलेले, त्यांनी तरी तो कुठे ऐकलेला असणार!

तो शब्द म्हणजे 'डूलॅली'.

'माय राउटर हॅज गॉन डूलॅली, लव्ह.' यॉर्कशायरच्या एका आजींचा फोन होता. ('लव्ह'कडे लक्ष देऊ नका. तिकडच्या आज्या बस कंडक्टरलाही लव्ह म्हणतात.) फोन घेतला माझ्या शेजारच्या खुर्चीवरच्या सिन्नरच्या पोराने. पोरगा हुशार, इंजिनीअर झालेला, पण कान पक्के नाशिक जिल्ह्याचे. त्याला ऐकू आलं की राउटर देवळालीला गेला. आता आमच्याकडे पार्सलं कुठेही जातात, त्यामुळे त्याला त्यात नवल वाटलं नाही. त्याने अदबीने विचारलं, 'व्हेन डिड इट गो, मॅम?' आजी म्हणाल्या, काल रात्री. 'अँड हू टुक इट देअर?' यावर आजी बराच वेळ गप्प. पोराने शांतपणे तिकीट, म्हणजे तक्रारीची नोंद, टाकलं: उपकरण चुकीच्या पत्त्यावर, देवळाली कॅम्प, पिन कोड ४२२४०१, प्रकरण कुरिअर विभागाकडे वर्ग.

ते तिकीट इंग्लंडच्या ऑफिसात पोचलं. तिथे त्याची प्रिंट काढून भिंतीला लावली आहे म्हणे. इथे टीम लीडरने चौकशीला बोलावलं ते मला, कारण आख्ख्या मजल्यावर देवळाली कॅम्प माहेर असलेली मी एकटी. गुन्हा सिन्नरचा आणि जामीन देवळालीचा.

आणि पोरगा तसा अगदीच चुकला नव्हता. तो शब्द खरोखर आमच्याच देवळालीचा आहे. गोऱ्या शिपायांच्या जिभेवर देवळालीचं डूलॅली झालं, आणि डूलॅली म्हणजे डोकं फिरलेला. माझ्या माहेराला इंग्रजी डिक्शनरीत जागा मिळाली आहे, पण ती ही अशी.

मला ही हकिगत लहानपणापासून पाठ आहे, ती दादांमुळे. दादा म्हणजे माझे वडील. तोपखान्याच्या ऑफिसात ते सिव्हिलियन क्लार्क होते. देवळालीत तोपखान्याचं विद्यालय आहे. सरावाचे दिवस आले की खिडकीची तावदानं थरथरायची, मांडणीवरची ताटं वाजायची आणि आई उतू जाणाऱ्या दुधावरची नजर न काढता म्हणायची, 'झालं यांचं सुरू.' त्या आवाजाच्या वर आवाज चढवून दादा आम्हाला इतिहास सांगत.

पूर्वी विलायतेहून आलेली पलटण मुंबईला बोटीतून उतरली की आधी देवळालीच्या छावणीत यायची आणि इथून देशभर वाटली जायची. परतीची वाटही तीच. नोकरीची वर्षं भरलेला सोल्जर इथे येऊन बोटीची वाट बघत बसायचा. आता बोटी सुटायच्या त्या थंडीच्या हंगामात. मार्च सरला की पुढची बोट एकदम दिवाळीच्या सुमाराला. मग ज्याची मुदत एप्रिलात भरली त्या बिचाऱ्याने करायचं काय? हातात बंदूक नाही, रोजची कवायत नाही. अधूनमधून सामान मांडून दाखवायचं, कधीतरी लांबवर पायी रपेट मारायची, की उरलेला दिवस आहेच अंगावर. वऱ्हाड पहाटेच हॉलवर उतरवावं आणि मुहूर्त गोरजाचा निघावा तशी गत. फक्त यांचं गोरज सहा महिन्यांनी.

फ्रँक रिचर्ड्स नावाच्या, हिंदुस्थानात नोकरी केलेल्या एका साध्या शिपायाने १९३६ साली आपल्या आठवणी छापल्या, त्यात त्याने हे सगळं लिहून ठेवलं आहे. वर्षानुवर्षं नाकासमोर चालणारी माणसं इथे रिकामी बसून बिघडायची, भानगडी करायची, आणि घरची बोट समोर दिसत असताना तुरुंगात जायची. कोणी विचित्र वागायला लागला की बाकीचे म्हणत, याला 'डूलॅली टॅप' झाला.

दादा इथे थांबून आमच्याकडे बघायचे. 'टॅप म्हणजे?' आम्ही दर वेळी ओरडायचो, 'नळ!' हा नळ घरोघरी ठरलेला होता, कारण कॅम्पात पाणी कधी येईल याचा नेम नसायचा आणि देवळालीच्या नळाने माणसाला वेड लागलं असं कोणी सांगितलं असतं तर आई आधी साक्षीला उभी राहिली असती. पण हा टॅप म्हणजे आपला ताप. इंग्रजांनी तोही उचलला, आकार टाकून दिला आणि जपून ठेवला. पुढे विलायतेत तापाचा अर्थ कोणालाच कळेना, म्हणून हळूहळू तो गळला आणि नुसती देवळाली उरली. म्हणजे ताप उतरला आणि गाव तेवढं डोक्यात राहिलं.

दादांचा राग वेगळाच. 'अगं, मुंबईची माणसं इथे बरी व्हायला येतात! लॅम रोडला चक्कर मारून बघ, सॅनिटोरियमांची रांग आहे. खोकणारे येतात, चार महिन्यांत गाल वर काढून परत जातात. आणि यांना इथे वेड लागतं? कंटाळा यांचा, बोटी यांच्या, वेळापत्रक यांचं, आणि नाव आमचं खराब!' मला हे पटतं. सहा महिने माणसाला बिनकामाचं बसवून ठेवा, ते महाबळेश्वरलाही वेडं होईल. फक्त तिथलं इंग्रजी नाव जुळवायला जरा अवघड गेलं असतं.

दादांचं दुसरं दुखणं भगूर. कॅम्पातून पाय मोकळे करायला निघालं तर भगूरपर्यंत सहज जाता येतं. सावरकरांचा जन्म तिथला, १८८३ सालचा. मराठीतून इंग्रजी शब्द हाकलायचे म्हणून त्यांनी दिनांक, महापौर, चित्रपट असे एकेक शब्द आणून बसवले. 'भगूरने मराठीला एवढं दिलं,' दादा म्हणतात, 'आणि आपण शेजारी बसून इंग्रजीला काय पुरवलं? येडेपणा.'

असो. इतिहास दादांकडे, वर्तमान माझ्याकडे. आणि वर्तमानात हा शब्द माझ्या कानात रोज नव्या अर्थाने येतो. सिन्नरच्या पोराच्या पराक्रमानंतर टीम लीडरने फर्मान काढलं की डूलॅलीचे सगळे कॉल माझ्याकडे फिरवायचे. मी त्या शब्दाची तज्ज्ञ. पगारात फरक नाही.

राउटर डूलॅली गेला, इथपर्यंत ठीक आहे. म्हणजे बिघडला. पण पूर्ण बंद पडला तर ते 'डेड' म्हणतात. डूलॅली म्हणजे चालू आहे पण मनात येईल तसा: मध्येच लाल, मध्येच हिरवा, मध्येच शेजाऱ्याच्या टीव्हीला जोडलेला. आपण म्हणतो ना, सटकलाय. हा अर्थ समजला की निम्मं काम होतं, कारण सटकलेल्या डब्याला बंद करून परत चालू करायचं असतं.

बिलही डूलॅली जातं. तिथे अर्थ आकडा भलताच फुगला असा, आणि तो कॉल मी गोड बोलून बिलिंगला ढकलते. नाताळच्या आधी दुकानांतली गर्दी डूलॅली असते, म्हणजे पिसाटलेली. एका बाईंचा नवरा कुत्र्याच्या नव्या पिल्लावर डूलॅली होता, म्हणजे खुळावला होता. पिल्लाने वायर कुरतडली होती आणि नवरा ते कबूल करायला तयार नव्हता. एका गृहस्थांनी सांगितलं की तुमचं संगीत ऐकून मी डूलॅली झालो. ते मला आधी कौतुक वाटलं. पण ते होल्डवरच्या संगीताबद्दल बोलत होते, चाळीस मिनिटं ऐकून झाल्यावर. इथे अर्थ भंजाळलो. शंभर वर्षांनंतरही तो मूळचा, रिचर्ड्सने सांगितलेला अर्थ, वाट बघून बघून डोकं जाण्याचा, जिवंत ठेवण्याचं काम आमची कंपनी इमानेइतबारे करते आहे.

एक अर्थ मात्र हळू आवाजात येतो. 'शी इज गोइंग अ बिट डूलॅली, यू सी.' एका मुलीने तिच्या आईबद्दल सांगितलं. आई दिवसाआड आम्हाला फोन करायची. राउटर धडधाकट. ती दिवे मोजून दाखवायची, रंग सांगायची, मग तिच्या बागेतल्या वाटाण्याबद्दल बोलायची आणि शेवटी विचारायची की तिकडे किती वाजले. मी सांगायचे. ती म्हणायची, अरे बापरे, झोप जा. मुलगी दिलगिरी व्यक्त करत होती, आमचा वेळ जातो म्हणून. मी तिला सांगितलं की कॉलचे टोटल वाढले की आमचं चांगलंच दिसतं. ते खोटं होतं, आमचा दर कॉलचा सरासरी वेळ वाढतो आणि टीम लीडर बोलतो.

सगळ्यात मोठा वांधा होतो तो गिऱ्हाईक आपणहून गप्पांना लागलं की. 'अँड व्हेअर आर यू बेस्ड?' नियमाप्रमाणे मी इंडिया म्हणते. चिकट माणूस असेल तर निअर मुंबई. एका निवृत्त आजोबांचं तेवढ्यावर भागेना. मुंबईच्या कुठल्या बाजूला? मग नाशिक. मूळची नाशिकचीच का? आता देवळाली म्हटल्याशिवाय सुटका नव्हती. मी शक्य तितक्या शुद्ध उच्चाराने म्हटलं, 'देव-ळा-ली.' पलीकडे आधी शांतता आणि मग आजोबा एवढे हसले की त्यांना ठसका लागला. १९७४ ते १९८१ बीबीसीवर देवळालीच्या लष्करी छावणीवरची एक विनोदी मालिका लागायची, ती त्यांनी तरुणपणी पाहिलेली. त्यांना वाटत होतं की ते गाव मालिकेसाठीच बनवलेलं आहे. मी त्यांना सांगितलं की गाव आहे, स्टेशन आहे, स्टेशनवर वडापाव मिळतो. मालिकेतली देवळाली मात्र सगळी इंग्लंडातच उभारलेली होती. आमच्या गावाचं नाव गेलं, निदान त्यांनी शूटिंग तरी इथे करायचं होतं, कॅम्पातल्या दोन-चार जणांना गर्दीत उभं राहायला मिळालं असतं.

घरी वेगळीच तऱ्हा. नवऱ्याला हा शब्द कळल्यापासून मी माहेरी निघाले की तो दारात उभा राहून 'गॉन डूलॅली' म्हणतो. सासूबाईंनी एकदा त्याचा अर्थ विचारला. त्याने सांगितला. सासूबाई दोन्ही हात कंबरेवर ठेवून म्हणाल्या, 'हसू नकोस. माझं माहेर ठाणं आहे.'

हे खरंच माझ्या लक्षात आलं नव्हतं. 'याला ठाण्याला पाठवा' असं मीसुद्धा शाळेत ज्याला त्याला म्हणायचे. मोठ्या नणंदेला येरवड्यात दिली आहे. तिच्याकडे तर दोन्ही सोयी, वेड्यांचं इस्पितळही आणि तुरुंगही, त्यामुळे ती पत्ता सांगताना 'विमानतळाजवळ' असं सांगते. राज्यात अशी सरकारी मनोरुग्णालयं चार: ठाणे, पुणे, नागपूर, रत्नागिरी. पैकी निम्मी आमच्या सोयऱ्याधायऱ्यांत. आणि इंग्रजांनी तर बायबलातलं बेथलेहेमसुद्धा सोडलेलं नाही. लंडनला त्या नावाचं इस्पितळ होतं, त्याचं बोलण्यात झालं बेडलम, आणि आज बेडलम म्हणजे नुसता गोंधळ. येशूच्या गावाची ही कथा, तिथे देवळालीचं कोण ऐकणार?

दादा ऐकवणार. निवृत्तीनंतर त्यांना हातात काम नव्हतं, आता मिळालं आहे. ऑक्सफर्डच्या डिक्शनरीवाल्यांना त्यांनी अर्ज लिहायला घेतला आहे, फुलस्केपवर, डावीकडे समास सोडून. विषय: देवळाली या शब्दाच्या अर्थात दुरुस्ती होणेबाबत. मागणी अशी, की वेड हा अर्थ राहू द्या, लोकांची सवय झाली आहे, पण खाली दोन नंबरला लिहा: उत्तम हवेचं ठिकाण. तीन नंबरला: जिथून ७ ऑगस्ट २०२० रोजी देशातली पहिली किसान रेल बिहारमधल्या दानापूरला रवाना झाली ते स्टेशन. त्या गाडीचा दादांना फार अभिमान, जणू कांदे त्यांनी चढवले.

टाईप मी करून द्यायचा ठरलं होतं. पण अर्ज पहिल्याच ओळीत अडला आहे, स्पेलिंगवर. रेल्वेच्या पाटीवर मधे 'व्ही' आहे, कॅन्टोन्मेंटच्या कागदावर 'ओ', आणि डिक्शनरीत दोन 'ओ'. दादा क्लार्क माणूस, खात्री झाल्याशिवाय सही करणार नाहीत. म्हणून त्यांनी आधी दुसरा अर्ज लिहिला आहे, तो स्टेशनमास्तरांना. प्रत माहितीसाठी ऑक्सफर्डला.