घरी जायचा नंबर

काल कट्ट्यावर ठिणगी टाकली दाद्याने. "दुसरं महायुद्ध संपलं ना? मग सैनिक भरा बोटीत आणि द्या घरी पाठवून. त्यात काय एवढं?"

"आधी कोणाला भरायचं?" मास्तर म्हणाले. रिटायर झाले तरी खिशात खडू असतोच.

"जो जास्त लढला त्याला!"

मास्तरांनी फरशीवरच 1945 चा अमेरिकन लष्कराचा हिशेब मांडला. लष्करातल्या नोकरीच्या महिन्याला 1 गुण, परदेशातल्या महिन्याला आणखी 1, मोहिमेत लढल्याबद्दल मिळणाऱ्या ताऱ्याला किंवा शौर्यपदकाला 5 आणि पोरामागे 12, तेही तिघांपर्यंतच. 85 भरले की घर. "आता धर, दोन वर्षं नोकरी, 24. त्यातलं दीड वर्ष युरोपात, 18. दोन तारे, 10. झाले 52. बस तिथेच. ह्याच गड्याला तीन पोरं असती तर अधिक 36. म्हणजे 88. निघाला!"

"म्हणजे पोरं काढल्याचं बक्षीस?" दाद्या उसळला. (तो अजून बिनलग्नाचा आहे, हे सांगितलेलं बरं.)

"बक्षीस कसलं? मागे एकटी बाई तीन पोरं ओढतेय, तिला विचार," अण्णा म्हणाले. मी अण्णांच्या बाजूने. पण दाद्याचंही अगदीच चूक नव्हतं. ब्रिटिशांनी त्या वेळी पोरं धरलीच नाहीत. वय आणि लष्करातली नोकरी, एवढंच. दोन महिने नोकरी म्हणजे वयाचं एक वर्ष. कारण आधीच्या महायुद्धानंतर त्यांचे हात पोळले होते. तेव्हा ज्याची नोकरी बाहेर वाट बघतेय तो आधी, असा नियम काढला, आणि नोकऱ्या राखलेले बरेचसे निघाले उशिरा भरती झालेले. पंगतीला शेवटी आलेला आधी जेवून उठला तर बाकीचे ताटं आपटणारच. जानेवारी 1919 मध्ये सैनिकांनी दंगा केला, मग युद्धमंत्री झालेल्या चर्चिलने नियम फिरवला.

"आणि आपले?" अण्णांनी विचारलं.

आपलं प्रकरण तर इथलंच, मुंबईचं. जानेवारी 1946 मध्ये घरी सोडत नाहीत म्हणून कराचीत खुद्द ब्रिटिश हवाई दलाचे गोरे संपावर गेले. महिन्याभरात, 18 फेब्रुवारीला, मुंबईतल्या 'तलवार' या नौदल तळावरचे आपले नौसैनिक बंड करून उठले. आझाद हिंदवाल्यांना सोडा, इंडोनेशियातून आपली फौज परत आणा, या मागण्या सगळ्यांना पाठ असतात. त्याच यादीत एक मागणी होती: नोकरीतून मोकळं करताना कपडे परत मागू नका.

"कपडे?" दाद्याचा कटिंग हातातच राहिला.

"हो," मी म्हणालो. "तिकडे ब्रिटिश शिपायाला सुटताना सरकार सूट, बूट, टोपी, रेनकोट देत होतं. आणि आपला पोरगा म्हणत होता, अंगावरचे तेवढे राहू द्या."

दाद्या बराच वेळ गप्प होता. मग फरशीवरच्या 52 कडे बोट करून म्हणाला, "मास्तर, ह्याला एखादं पदक नाही का देता येणार?"

"दिलं तरी 57," मास्तर म्हणाले.