‘व्होल्गाकाठचा’ यांना उत्तर : खिडकी, लाल तारखा आणि गाजर

रशियातल्या सुट्ट्यांवरच्या माझ्या लेखाखाली ‘व्होल्गाकाठचा’ या नावाने एक लांबलचक प्रतिक्रिया आली आहे. तिचा गोषवारा असा : ९ मेबद्दल, म्हणजे विजयदिनाबद्दल, मी चूक लिहिलं, १२ जूनला ‘स्वातंत्र्यदिन’ म्हणणं हास्यास्पद आहे, ऑलिव्हिए सॅलडमध्ये (सणाच्या टेबलावरचं, उकडलेल्या भाज्यांचं) गाजर नसतं, आणि ४ नोव्हेंबर ही मी म्हणते तशी ‘७ नोव्हेंबरच्या (म्हणजे सोव्हिएत क्रांतिदिनाच्या) जागी चिकटवलेली सुट्टी’ नसून १६४९ पासूनचा सण आहे. शेवटी एक वाक्य : ‘हॉस्टेलच्या खिडकीतून देश कळत नसतो, ताई.’

आधी चूक कबूल करते. ९ मे ही ‘१९४५ पासून अखंड सुट्टी’ नव्हती. १९४८ पासून तो कामाचा दिवस झाला (त्याच सुमारास १ जानेवारीला मात्र सुट्टी मिळाली) आणि नाझी जर्मनीवरच्या विजयाला वीस वर्षं झाली तेव्हा, १९६५ मध्ये, ब्रेझनेव्हच्या काळात ती सुट्टी परत आली. लेखात दुरुस्ती केली आहे. आभार. हेच दोन ओळींत नीट सांगता आलं असतं. त्यासाठी ‘शाळकरी’ म्हणायची गरज नव्हती.

आता खिडकी.

‘ताई’ म्हणायचं आणि त्याच दमात टपली मारायची, ही आपल्याकडची जुनी खोड. तुम्ही लिहिलंय की तुम्ही अकरा वर्षं तिथे नोकरी केलीत. छानच. पण कंपनीच्या फ्लॅटलाही खिडकीच असते ना? माझी खिडकी लेनिनग्राडमध्ये होती, दुसऱ्या मजल्यावर, समोर किराणा दुकान. १९८८ च्या शरदात गेले आणि सहा वर्षं राहिले. त्या दुकानापुढची रांग वाढली की कळायचं, सण जवळ आला. कॅलेंडर बघावं लागत नसे.

आमच्या हॉस्टेलच्या दारात एक दिझुर्नाया बसायची. म्हणजे किल्ल्या सांभाळणारी, येणाऱ्याजाणाऱ्याकडे चष्म्यावरून बघणारी बाई. मी तिला आजी म्हणायचे, तिला तो शब्द आवडायचा. मटारचे डबे ती सप्टेंबरपासून जमवायची आणि टेबलाखाली बुटांच्या खोक्यात लपवायची, कारण ऐन वेळी ते कुठेच मिळत नसत. ६ नोव्हेंबरच्या संध्याकाळी ऑलिव्हिएसाठी बटाटे आणि गाजरं सालासकट उकडायची. सोलायचं काम माझं. बोटं भाजायची, आणि तुकडे मटारच्या दाण्याएवढे झाले नाहीत तर ती सुरी काढून घ्यायची. दुसऱ्या दिवशी आम्हा परदेशी विद्यार्थ्यांना मिरवणुकीत नेत. हातात तारेला बांधलेली कागदी फुलं, पायाखाली बर्फाचा चिखल. परत आलो की तिचं टेबल मांडलेलं असायचं आणि ती म्हणायची, ‘स प्राझ्निकम!’ म्हणजे सणाच्या शुभेच्छा. कोणत्या सणाच्या, ते या शब्दांत नसतंच. माझा सगळा लेख या एका गोष्टीवर उभा आहे, आणि तिच्याबद्दल तुमच्या प्रतिक्रियेत अवाक्षर नाही.

१९९१ चं सांगते. लेनिनग्राडचं पीटर्सबर्ग होऊन दोन महिने झाले होते. ६ नोव्हेंबरला रशियाचे अध्यक्ष येल्त्सिन यांनी हुकूम काढून रशियात कम्युनिस्ट पक्षावर बंदी घातली. आजीच्या भिंतीवर रोज एक पान फाडायचं ते कॅलेंडर होतं, आदल्या वर्षी छापलेलं. ६ चं पान फाडलं तर खाली ७, लालभडक, क्रांतीचा वर्धापनदिन. ज्या पक्षाचा सण त्याच्यावर आजच बंदी आलेली! मी विचारलं, उद्या सुट्टी आहे का हो? ती म्हणाली, ‘लाल छापलंय ना? मग आहे.’ आणि मटारचा डबा उघडायला लागली. सांगा, यात कुठलं काय कळायचं राहिलं?

पुढे १९९६ मध्ये येल्त्सिन यांनीच त्या दिवसाला ‘सहमती आणि सलोख्याचा दिवस’ असं नाव दिलं. टेबल तेच. २००४ च्या डिसेंबरात कायदा बदलला, ७ नोव्हेंबरची सुट्टी गेली आणि २००५ पासून तीनच दिवस आधी, ४ तारखेला, ‘राष्ट्रीय एकता दिन’ आला. लोकांना नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात सुट्टीची सवय होती, ती मोडायची नव्हती. याला मी ‘चिकटवलेली’ म्हटलं आणि म्हणणार.

तुमचं १६४९ खरं आहे, पण अर्धं. झार अलेक्सेईने त्या वर्षी देशभर लावून दिला तो कझानच्या मातेच्या, म्हणजे मेरीच्या पवित्र चित्राचा उत्सव, चर्चचा. १६१२ साली मिनिन आणि पोझार्स्की यांच्या सैन्याने पोलिश फौजेकडून मॉस्कोचा किताय-गोरद हा तटबंदीचा भाग जिंकला, त्याची आठवण त्यात होती, हेही मान्य. पण तारखेचाच हट्ट असेल तर हिशेब पुरा करा. लढाई जुन्या (ज्युलियन) पंचांगाने २२ ऑक्टोबरची. तेव्हा दोन पंचांगांत दहा दिवसांचं अंतर होतं, म्हणजे नव्या पंचांगाने १ नोव्हेंबर. ४ तारीख येते ती आजचं तेरा दिवसांचं अंतर धरलं तर, चर्चच्या हिशेबाने. आणि परंपरा म्हणाल, तर लेनिनग्राडच्या नेव्स्की रस्त्यावरच्या कझान कॅथेड्रलमध्ये मी पहिल्यांदा गेले तेव्हा तिथे धर्म आणि नास्तिकतेचं संग्रहालय होतं. तिकीट काढून आत गेले होते. मिनिन निझनी नोवगोरोदचा मांसविक्रेता, म्हणजे तुमच्या व्होल्गाकाठचाच; तुमचा अभिमान समजू शकते. पण १९१७ नंतर कोणी त्या दिवशी सुट्टी घेतली होती का, ते आधी निझनीतल्या एखाद्या म्हातारीला विचारा.

१२ जूनबद्दल फार बोलण्यासारखं नाही. १९९० मध्ये सार्वभौमत्वाची घोषणा झाली, २००२ पासून अधिकृत नाव ‘रशिया दिन’. लोक बोलताना स्वातंत्र्यदिनच म्हणायचे आणि ‘कोणापासून?’ असं विचारून हसायचे. तो विनोद मी लेखात दिला होता, तुम्ही तो माझं मत म्हणून वाचलात.

बाकीच्या शेऱ्यांना उत्तर देत नाही.

आणि ऑलिव्हिएमध्ये गाजर असतं. मी सहा वर्षं सोललं आहे.