अंगझडतीच्या नियमांवर आलेल्या कमेंटला उत्तर

नमस्कार, तुम्ही एवढं सविस्तर लिहिलंत म्हणून मीही जरा लांबच लिहितेय. बायका कैद्यांची झडती पुरुष गार्डने घेऊ नये या नियमांवर तुमचं म्हणणं थोडक्यात असं, की तुरुंगात ड्रग्ज, ब्लेड, मोबाईल सगळं आत येतं, झडती घेणारा पुरुष आहे की बाई हे बघत बसलं तर सिक्युरिटीचे तीनतेरा वाजतील, स्टाफ आधीच कमी, आणि डॉक्टर चालतो तर गार्ड का नाही. वर हे लाड फक्त बायकांचेच का, असंही विचारलंयत.

पहिलं म्हणजे झडती घेऊच नका असं कुठलाच नियम म्हणत नाही. अमेरिकेत प्रिझन रेप एलिमिनेशन अॅक्ट, म्हणजे तुरुंगातले बलात्कार थांबवायचा कायदा, २००३ साली आला आणि त्याखालचे नियम २०१२ साली. त्यात कपडे उतरवून घ्यायची झडती विरुद्ध लिंगाच्या गार्डने घ्यायची नाही, अगदी तातडीचा प्रसंग असेल किंवा डॉक्टर वगैरे घेत असतील तर गोष्ट वेगळी, आणि घेतलीच तर लेखी नोंद ठेवायची. म्हणजे खरंच जीवावर बेतलं तर गार्डचे हात कुणी बांधलेले नाहीत. सोय म्हणून, तशी तातडी नसताना जी झडती घेतात तिच्यावर हा लगाम आहे.

डॉक्टरचं उदाहरण मला पटत नाही. डॉक्टर तपासून निघून जातो हो. गार्डला नको म्हटलं तर शिस्तभंगाची कारवाई होते, आणि तोच गार्ड रात्री कोठडीबाहेर ड्युटीवर असतो, चाव्या त्याच्याकडे, रिपोर्ट लिहिणारही तोच.

वॉशिंग्टन राज्यातल्या एका बायकांच्या तुरुंगाची केस वाचा. तिथे १९८९ साली पुरुष गार्डनी बायकांची कपड्यांवरून झडती घ्यायची असं ठरलं, संशय असो नसो, आणि ती नुसती थोपटून नाही, छाती आणि मांड्यांमध्ये दाबून बघायची. तुरुंगाच्याच सायकॉलॉजिस्टनी आधी सांगितलं होतं की यातल्या कितीतरी बायकांवर पूर्वी अत्याचार झालेत, हे करू नका. पहिल्याच दिवशी एका बाईने झडती चालू असताना गज इतके घट्ट धरले की तिची बोटं सोडवावी लागली, नंतर तिला उलटी झाली. १९९३ मध्ये नवव्या सर्किट कोर्टाने (अमेरिकेतल्या पश्चिमेकडच्या राज्यांचं केंद्रीय अपील कोर्ट) ही क्रूर शिक्षा ठरवली, आणि सिक्युरिटी अशा झडतीवर अवलंबून नव्हती हेही कोर्टात स्पष्ट झालं. तुमच्या मुख्य मुद्द्याला माझं उत्तर हेच आहे.

स्टाफ कमी आहे हे खरंय, पण नियम करणाऱ्यांनी ते धरलेलं होतं. बायकांची कपड्यांवरून झडती पुरुषांनी घ्यायची नाही हे २०१५ पासून लागू झालं, पन्नास किंवा त्याहून कमी कैद्यांची क्षमता असलेल्या ठिकाणांना २०१७ पर्यंत मुदत. आणि बाई गार्ड नाही म्हणून कैदी बाईला क्लासला किंवा कोठडीबाहेर सोडायचं नाही, ही पळवाटही बंद केलीय, हे मला फार महत्त्वाचं वाटतं, कारण नाहीतर नियमाचा भुर्दंड तिलाच पडला असता. बायका कैद्यांसाठी संयुक्त राष्ट्रांनी केलेले २०१० चे बँकॉक नियम तर स्कॅनरसारखे पर्याय काढा असंच सांगतात.

आता पुरुषांचं. कपडे उतरवायच्या झडतीचा नियम पुरुष कैद्यांनाही लागू आहे, आणि अॅरिझोनातल्या मॅरिकोपा काउंटीत एका पुरुष कैद्याची पातळ अंडरवेअरवर, कॅडेट आणि अधिकाऱ्यांच्या घोळक्यात, ट्रेनी बाईने झडती घेतली तेव्हा २०११ साली त्याच नवव्या सर्किट कोर्टाने तीही बेकायदा ठरवली. कपड्यांवरच्या झडतीत मात्र फक्त बायकांनाच संरक्षण आहे, त्याला एक कारण म्हणजे पुरुषांच्या तुरुंगात बाई गार्ड बऱ्याच असतात, त्यांना झडतीच बंद केली तर त्यांच्या नोकरीवर गदा येते. तरी पुरुष कैद्यांवर अत्याचार झालेले नसतात का? असतात. त्यामुळे एखाद्याने मागितलं तर शक्य तिथे पुरुष गार्ड बोलवावा असं माझं मत आहे आणि या एका मुद्द्यावर मी तुमच्याच बाजूची आहे, फक्त त्यावरून बायकांचं संरक्षण काढा असं निघत नाही, पुरुषांनाही द्या असं निघतं.