‘६४ चं कार्ड ५९ दाखवतं, डुप्लिकेट माल’ या रिव्ह्यूला दुकानाचं उत्तर

नमस्कार भाऊ,

तुम्ही एक तारा देऊन लिहिलंय की ६४ जीबीचं मेमरी कार्ड काँप्युटरवर ५९.६ दाखवतं, त्यातला पिक्चर टॅबमध्ये लागत नाही, माल डुप्लिकेट आहे आणि वर सव्वा तास ताटकळत ठेवलं. लग्नसराईच्या गर्दीत तुम्हाला बसायला खुर्ची मिळाली नाही, त्याबद्दल माफी मागतो.

पण तो सव्वा तास कशात गेला, तेही लिहायचं होतं ना. तुमच्याच कार्डाची तपासणी चालू होती. डुप्लिकेट कार्ड आकड्यावरून ओळखू येत नाही. तेही ६४ चंच म्हणून मिरवतं, आत असतात ८ नाहीतर १६. तेवढे भरले की पुढचे पिक्चर नुसते नावाला दिसतात, उघडत नाहीत. म्हणून तुम्हाला विचारून कार्ड रिकामं केलं आणि एच२टेस्टडब्ल्यू हे कार्ड तपासायचं सॉफ्टवेअर लावलं. ते सॉफ्टवेअर कार्ड काठोकाठ भरतं, मग सगळं परत वाचून ताडून बघतं. सेकंदाला २० एमबीनं लिहिलं तर नुसतं भरायलाच ५० मिनिटं जातात, आणि मध्येच काढलं की पुन्हा पहिल्यापासून. शेवटी एकही एरर आला नाही, हे तुम्ही स्वतः पाहिलंत. तरी डुप्लिकेट म्हणायलात! राहिले ५९.६. कंपनी १०० कोटी बाइटला १ जीबी धरते, विंडोज १०७ कोटी ३७ लाखांना. कुठल्याही दुकानातून ६४ चं घ्या, तिथं एवढंच दिसणार.

टॅबचं कारण वेगळं आहे. नेटफ्लिक्स, प्राइमवरून उतरवलेला पिक्चर कार्डात असला तरी कुलूपबंद असतो. ज्या फोनातल्या ॲपनं उतरवला, तिथंच चालतो. टॅबमध्ये त्याच अकाउंटनं लॉगिन करून वेगळा उतरवा. देवगिरी एक्सप्रेसनं मुंबईला निघण्याआधी एरोप्लेन मोड लावून उघडून बघा, पण आदल्या रात्रीच. काही पिक्चर एकदा प्ले केले की ४८ तासांत बंद होतात.

‘मग तुम्हीच नवीन पिक्चर भरून द्या’ असं तुम्ही म्हणालात, ते मात्र रिव्ह्यूत दिसलं नाही. ते काम आम्ही करत नाही. कॉपीराइट कायद्याच्या कलम ६३ मध्ये ६ महिने ते ३ वर्षं कैद आहे.

यापुढं तपासणीला किती वेळ लागेल ते आधीच सांगू. खुर्च्यांचंही बघतो. तारे राहू द्या हवे तर, तो ‘डुप्लिकेट’ शब्द तेवढा काढा. परभणीतच धंदा करायचाय आम्हाला.